यांचे लेख मी गिरवते

३ तारीख, सोमवार

भट्टीचं दार सोडा लावून घासायला बेकरीवाल्याला कोणी सांगितलं होतं? मी? की यांनी? त्या दारावर यांचा लेख आहे. इतकी वर्षं धरून होता, एक पाव करपला नाही. आता दोन दिवस पाव खालून काळे निघाले, तर हा माणूस भर रस्त्यात मला विचारतो, वहिनी, साहेबांचा हात गेला वाटतं? उचलली जीभ लावली टाळ्याला. मी म्हटलं, हात कुठं जात नाही, घरीच आहे, पांघरुणात आहे. थोडा खोकला झालाय. तुम्हाला कधी खोकला होत नाही का? तर म्हणे, होतो की, पण माझ्या खोकल्यानं दुसऱ्याचे पाव करपत नाहीत.

गिऱ्हाइकं हसली. कोण कोण हसलं ते मी लक्षात ठेवलंय.

लोकांना किंमत नाही. अर्ध्या गावाचं दूध नासत नाही ते कोणामुळे? शाळेचं छप्पर गळत नाही, सुईणीच्या पाळण्यात कसलंही रडकं पोर निजतं, थंडीत सार्वजनिक नळ गोठत नाही. सगळं यांच्या लेखणीचं. वस्तूवर लेख लिहिला की वस्तू ऐकते. पण लिहिणारा थकला की त्याचे लेख सैल पडतात, असं लेखघरात शिकवतात. मला नाही पटत. गवंडी आजारी पडला म्हणून त्यानं बांधलेली भिंत खाली बसते का? लेख पुसट होतात ते लोक घासतात म्हणून.

हे हल्ली बोलले की दमतात. म्हणून मीही घरात गप्प. पण बोलणं पोटात राहिलं की मला पचत नाही. यांच्या कपाटातली एक कोरी वही काढली आणि बाहेर पायरीवर येऊन बसले. शाळा दुसरीपर्यंत. अक्षर कसंही आलं तरी वाचणार कोण आहे.

ठराव: महिनाअखेर हे पुन्हा लेखघरात, आपल्या खुर्चीवर.

४ तारीख, मंगळवार

लेखघरातली चष्मेवाली आली होती. यांचीच शिष्या. शिकायला होती तेव्हा आमच्याकडे जेवायची, ताट चाटूनपुसून. आता तिला सगळे मॅडम म्हणतात. कानामागून आली आणि तिखट झाली.

बरोबर उतरणीचा कागद. म्हणजे घरच्यांनी सही किंवा अंगठा द्यायचा, मग ती यांच्या प्रत्येक लेखावर आपलं अक्षर चढवणार आणि तो लेख तिच्या नावावर. काकू, सरांच्या अंगावरचं ओझं उतरेल, म्हणाली. मी म्हटलं, ओझं कसलं? ते काय हमाल आहेत? ती म्हणाली, काकू, गावातला एकेक लेख सर आतून धरून आहेत, झोपेतसुद्धा. मी म्हटलं, झोपेत ते फक्त पांघरूण धरतात, आणि तेही माझं.

हसली नाही. शिकलेल्या माणसांना विनोद कळत नाही.

खुर्चीवर डोळा आहे, दुसरं काय. चहा दिला. बिस्किटं दिली नाहीत.

५ तारीख, बुधवार

रात्रभर विचार केला आणि उपाय सापडला. इतका सोपा की लेखघरातल्या एकालाही सुचला नाही.

मी गिरवणार.

शाळेत मी दुसरं काही शिकले नाही, पण गिरवणं शिकले. मास्तर पाटीवर काढून द्यायचे आणि मी वरून फिरवायची. रेघ तसूभर इकडे की तिकडे नाही. मास्तर म्हणायचे, हिला स्वतःचं अक्षर नाही पण दुसऱ्याचं छान येतं. तेव्हा राग आला होता. आता बघा.

यांची लेखणी, यांची शाई, यांचंच अक्षर. लेख पुसट झालाय तो मी गडद करायचा. संपलं. उतरणी नको आणि सही नको. हे बरे होईपर्यंत गावाला कळणारही नाही.

हे झोपलेत तोवर बेकरीत जाऊन आले. बेकरीवाल्याला सांगितलं, सर्व्हिसिंग आहे. भट्टीच्या दारावर पहिल्या अक्षरापासून शेवटच्यापर्यंत दाबून गिरवलं. शाई आत शिरताना दार किंचित कुरकुरलं. म्हणजे पकडलं.

६ तारीख, गुरुवार

पाव एकदम फर्स्ट क्लास. खालून वरून एकच रंग. बेकरीवाल्यानं न मागता एक हातात ठेवला. मी नुसतं त्याच्याकडे बघितलं.

यांची रात्र वाईट गेली. खोकला थांबेना, ओठ निळसर झाले. खिडकी उघडी राहिली होती. चूक माझी नाही, खिडकीची कडी सैल आहे. आता दोरीनं बांधून टाकली.

८ तारीख, शनिवार

सुईणीचा पाळणा, सार्वजनिक नळ, शाळेची तुळई. एका सकाळी तिन्ही. तुळईसाठी शिपायाचं स्टूल घेतलं. तो म्हणाला, मावशी, पडाल. मी म्हटलं, पडले तर तुझ्यावर पडेन, बाजूला हो. हात बसलाय आता. खरं तर लेखघरानं मला पहिल्यापासून ठेवायला पाहिजे होतं.

संध्याकाळी यांच्या हातात चमचा राहीना. सगळं सूप अंगावर.

कारण उघड आहे. सूप नणंदबाईंनी केलं होतं. यांच्या थोरल्या बहीण, शेजारच्या गल्लीत राहतात, रोज येतात, आल्या की घरातली प्रत्येक वस्तू दोन बोटं सरकवून ठेवतात. सुपात मिरं इतकं की घोड्याला शिंका याव्यात. बाहेर असते तर सुनावलं असतं. घरात मी शब्द काढला नाही, वन्सं, छान झालंय म्हटलं. हा माझा मोठेपणा. मुळात मी शांतच आहे, लोक मला चिडवतात म्हणून चिडते.

१० तारीख, सोमवार

डॉक्टर येऊन गेले. नाडी धरून बराच वेळ बसले. मग विचारलं, हे काही जड काम करतात का? मी म्हटलं, चमचा उचलत नाहीत. डॉक्टर म्हणाले, विचित्र आहे, पोती घेऊन जिना चढणाऱ्या माणसाची अशी नाडी असते.

एवढं शिकून विचित्र आहे म्हणतात. विचित्र आहे ते आम्हालाही दिसतं, त्यासाठी फी कशाला?

सिरप लिहून दिलं. जाताना म्हणाले, दवाखान्यातल्या औषधाच्या कपाटाचा लेखही पुसट झालाय, औषधं लवकर खराब होताहेत. मी म्हटलं, काळजी करू नका, उद्या होऊन जाईल. बिचारे खूश झाले.

११ तारीख, मंगळवार

डॉक्टरांचं कपाट केलं. जास्त दाबून, कारण औषधं यांच्याच पोटात जाणार.

दुपारी हे उठून बसायला गेले आणि अर्ध्यावर राहिले. मी पाठीला हात लावला तर सदरा भिजलेला. मला म्हणाले, आज कुठं गेली होतीस? मी म्हटलं, दवाखान्यात. म्हणाले, वाटलंच.

सिरप लागू पडत नाही. उष्ण आहे. बंद.

१२ तारीख, बुधवार

मोठा प्लॅन. नदीकडची सगळी घरं या आठवड्यात, बाजार पुढच्या. खाटकाचा बर्फाचा पेटारा, घड्याळजीचं दुकान, नावाड्याची होडी, तिला दोन्ही बाजूंनी लेख आहे. म्हणजे महिनाअखेर सगळं गडद. यांनी खुर्चीवर जाऊन फक्त बसायचं. यांना सांगितलं नाही. सरप्राइज.

दुपारी. बेकरीच्या पायरीवरून पाय मुरगळला. पायरीवर पीठ सांडलेलं. बेकरीवाला सोडा घासतो, पीठ पुसत नाही. प्लॅन पुढे ढकलला.

१३ तारीख, गुरुवार

पाय भोपळ्यासारखा. घरीच.

हे सकाळी स्वतः उठून बसले. अर्धी वाटी भात, मग अजून दोन घास. मला म्हणाले, सरकार आज घरी? बाहेर भांडायला कोणी उरलं नाही का? बऱ्याच दिवसांनी सरकार म्हणाले.

सांगितलं होतं ना मी. खिडकी बंद केली, सिरप थांबवलं, फरक पडला. डॉक्टरांना कळवणार आहे, निदान माझ्याकडून शिकतील.

१५ तारीख, शनिवार

आज हे भिंतीला धरून दारापर्यंत चालले आणि परत आले! नणंदबाई रडल्या. त्यांना रडायला निमित्त लागत नाही. म्हणाल्या, वहिनी, तू घरात असलीस की त्याला बरं वाटतं. बरोबर आहे. आयुष्यात पहिल्यांदा बाई बरोबर बोलल्या.

बातम्या: पाव पुन्हा काळे. शाळेचं छप्पर तिसरीच्या मुलांवर गळलं. सुईणीच्या पाळण्यात एक पोर दिवसभर रडलं, सुईण येऊन माझ्या दारात त्याच्याहून मोठ्यानं रडली. सबंध गाव माझ्या एका पायावर उभं होतं, आता कळेल.

यांना नवे बूट घ्यायचे. खुर्चीवर जाताना जुने बरे दिसत नाहीत.

१६ तारीख, रविवार

पाय बरा. बॅकलॉग भरून काढला. भट्टी, पाळणा, तुळई परत, शिवाय होडी. होडीची एकच बाजू झाली, नावाडी घाईत होता.

घरी आले तर नणंदबाई रुमाल धुवत होत्या. पाणी लालसर.

त्यांनी यांना उन्हात बसवलं होतं. उन्हानं होतं असं. आता मी घरातून निघताना त्यांना येऊ देणार नाही.

१८ तारीख, मंगळवार

शाळेत तुळई तिसऱ्यांदा करत होते. खालून कोणीतरी काकू म्हटलं. चष्मेवाली.

मला वाटलं, आता भांडेल. भांडली असती तर बरं झालं असतं, भांडायला मी कधीही तयार. ती नुसती बघत राहिली, माझ्या बोटांच्या शाईकडे. मग म्हणाली, काकू, हे कधीपासून करताय? मी म्हटलं, पाच तारखेपासून, तुमच्या लेखघरावाचून काही अडत नाही. तिनं विचारलं, अजून कुठं कुठं? मी अभिमानानं सगळं सांगितलं.

ती वर्गातल्या छोट्या बाकावर बसली. गुडघे हनुवटीला लागले. म्हणाली, काकू, अक्षर सरांचं आहे. वरून शाई कोणीही फिरवली तरी लेख आवळला जातो तो सरांच्या हातानं. दोर त्यांच्या अंगाला बांधलेला आहे आणि तुम्ही इकडून ओढताय. सैल पडत होते तेच बरं होतं, काकू, सैल पडत होते म्हणून ते श्वास घेत होते.

मी म्हटलं, तू पुस्तकातलं बोलतेस. ती म्हणाली, हो, सरांनीच शिकवलेल्या पुस्तकातलं.

ती रडत होती. मी नाही. मी स्टुलावरून उतरले, लेखणी पुसली, तुळई अर्धी राहिली.

१९ तारीख, बुधवार

आज गिरवायला गेले नाही. तिच्या सांगण्यामुळे नाही. शाई घट्ट झाली आहे.

यांनी अर्धी वाटी भात खाल्ला.

२० तारीख, गुरुवार

आजही नाही. आभाळ भरून आलंय, ओल्या हवेत शाई पसरते.

हे उठून बसले. खिडकी उघड म्हणाले. दोरी सोडली. दिवसभर उघडी होती. खोकला आला नाही.

२१ तारीख, शुक्रवार

खिडकीचा दोष नव्हता. सुपाचाही नव्हता. उन्हाचाही नव्हता. सिरपचं माहीत नाही.

संध्याकाळी यांना विचारलंच. मी बाहेर गिरवत होते ते तुम्हाला कळत होतं का? हो म्हणाले. कसं कळायचं? म्हणाले, बेकरीचं इथं, आणि बरगडीखाली हात ठेवला. पाळणा खांद्यात. तुळई मानेत. होडीला म्हणाले तू एकच बाजू केलीस ना, दुपारभर एका अंगावर कलंडून होतो.

मग बोलला का नाहीत, म्हटलं मी. हातातली वाटी खाली ठेवली. मला थांबवायचं नाही का? एक शब्द बोलला असतात.

म्हणाले, तू किती खुशीत यायचीस घरी.

२२ तारीख, शनिवार

उतरणीचा कागद दिला. मला सही येते. पण हात ओले होते म्हणून अंगठा लावला.

चष्मेवालीला सांगितलं, भट्टीपासून सुरू कर, बरगडीखाली आहे. तिनं मान डोलावली आणि सगळ्या लेखघराला घेऊन निघाली. मी यांच्याजवळ बसून होते. मध्येच यांनी मोठा श्वास घेतला, विहिरीतून वर आलेल्या माणसासारखा. पाव सुटला, म्हणाले. थोड्या वेळानं खांदा हलवून पाहिला. पोर निजलं बघ तिच्या अक्षरावर, म्हणाले. माझ्या अक्षरावर निजायचं त्याहून लवकर निजलं, असंही म्हणाले, आणि थोडे हिरमुसले.

बिस्किटांचा अख्खा डबा दिला लेखघरातल्या लोकांना. परत कोणी म्हणायला नको.

२३ तारीख, रविवार

गाव पूर्ण उतरलं. मी मुद्दाम फिरून पाहिलं. सगळीकडे तिचं अक्षर, ताठ, सारखं, पट्टीनं आखल्यासारखं. यांचं अक्षर जरा डावीकडे झुकायचं, कानात काही सांगायला वाकल्यासारखं. बेकरीवाला म्हणाला, वहिनी, पाव चांगले येतात पण दार ओळखीचं वाटत नाही. मी त्याला काही बोलले नाही. पहिल्यांदाच.

आता ओझं नाही म्हणजे तब्येत सुधारणारच. साधा हिशेब आहे. अजून आठवडा हातात आहे. बूट आणले. मोच्यानं माप विचारलं, मी सांगितलं, तो म्हणाला, हे तर त्यांच्या जुन्या मापापेक्षा लहान आहे. मी म्हटलं, आजारपणात पाय उतरतात, चालायला लागले की भरतील, पण तोपर्यंत सैल बूट नकोत.

घरी आल्यावर पायात घातले. अंथरुणातच. हे चादरीखालून बूट हलवून दाखवत होते, हा डावा, हा उजवा. नणंदबाई तोंडाला पदर लावून मोरीकडे गेल्या.

२४ तारीख, सोमवार

डॉक्टरांनी आज मला बाहेर बोलावून स्पष्ट सांगितलं. बरं होण्याचं आता विसरा. उतरणीनं माणूस बरा होत नाही, जाणं सोपं होतं. पण यांचं सोपं होत नाहीये. श्वास कुठंतरी अडकतोय, अजून काहीतरी अंगावर आहे.

चष्मेवालीला निरोप गेला, ती धावत आली. विचारलं, काकू, राहिलाय का एखादा? घरात कुठं?

मी म्हटलं, नाही.

नणंदबाई यांच्या पायथ्याशी बसल्या होत्या. म्हणाल्या, दारामागे आहे.

मी त्यांच्याकडे असं काही बघितलं. त्या म्हणाल्या, बघ कितीही, वहिनी. माझा भाऊ आहे तो.

मग सगळं त्यांनीच सांगितलं, मला विचारायचीसुद्धा गरज वाटली नाही. लग्नानंतर दुसऱ्या वर्षी मी एका दुपारी घरातली सगळी काचेची भांडी फोडली होती. सगळी नाही, दोन उरली होती. कशावरून ते आता आठवत नाही, सासूबाई काहीतरी बोलल्या होत्या. माहेरी जायला निघाले होते. यांनी अडवलं नाही, हात धरला नाही. लेखणी घेतली आणि दाराच्या आतल्या बाजूला, कडीच्या वर, दोन ओळी लिहिल्या: हिचा राग उंबऱ्याबाहेर थांबो, ही आत येवो.

मी आत आले.

चष्मेवाली दारामागे गेली आणि बराच वेळ बाहेर आली नाही. आली ती चष्मा पुसत. म्हणाली, माणसावर लेख लिहायचा नाही, हा आमचा पहिला नियम, सरांनीच पाठ करून घेतला होता. वस्तू एकदा ऐकते आणि गप्प बसते. माणूस रोज उलटं ओढतो. म्हणाली, काकू, सगळ्या गावापेक्षा हा एक जड असणार.

मी म्हटलं, उचल की मग. चढव तुझं अक्षर. ती म्हणाली, हा असा दुसऱ्याला देता येत नाही. हा फक्त पुसता येतो. घरच्या माणसानं, ओल्या फडक्यानं. एकदा फिरवलं की झालं.

मी म्हटलं, हा लेख मुळी चाललाच नाही. मी मुळात शांत आहे.

चष्मेवालीनं परत चष्मा पुसला. नणंदबाईंनी यांची चादर दोन बोटं सरकवली.

जाताना चष्मेवालीनं सांगितलं की हे तिला वरती कळवावंच लागेल. तुम्ही पुसलात तर उत्तम. नाहीतर शुक्रवारी लेखघराचे मुख्य स्वतः येऊन पुसतील, घरच्यांखेरीज तेवढा अधिकार फक्त त्यांना आहे. दारात थांबून परत म्हणाली, काकू, तुम्हीच पुसा.

२५ तारीख, मंगळवार

सकाळी फडकं ओलं केलं आणि दारामागे गेले. शाई अजून काळीभोर आहे. बाहेरचे सगळे पुसट झाले, हा नाही झाला. हा मी कधी गिरवला नाही. गिरवायची वेळच आली नाही.

उभी राहिले. फडकं वाळलं. परत ओलं केलं. परत वाळलं. घरात दुसरी कामं असतात.

यांच्याजवळ जाऊन विचारलं, पुसू का? यांनी दाराकडे पाहिलं. मग माझ्याकडे. मला वाटतं पाणी हवं होतं. पाणी दिलं, घेतलं नाही.

नणंदबाई मला म्हणाल्या, वहिनी, त्यानं इतकी वर्षं तुझा राग बाहेर धरून ठेवला, आता त्याला सोड. मी म्हटलं, वन्सं, चहा घ्या. बघा. घरात आहे आणि चहा घ्या म्हणतेय. म्हणजे लेख अजून चालू आहे, म्हणजे धरायची ताकद आहे, म्हणजे इतकं काही वाईट नाही. डॉक्टरांना हे कोणी सांगायचं?

तर अहो, आता तुम्हालाच लिहिते. बोलून दमवत नाही.

गावाचं ओझं मी ओढत होते ते मला माहीत नव्हतं. हे माहीत आहे. तुम्ही झोपलात की छाती मध्येच थांबते आणि मग दाराकडून कोणीतरी ओढल्यासारखी परत वर येते, ते मी बघते. रात्रभर बघते. ओढणारी मी आहे, तेही मला कळतं. मी दुसरीपर्यंत शिकले, पण एवढं कळतं.

पण तुम्ही एक सांगा. पुसला की राग आत येणार. इतक्या वर्षांचा सगळा, उंबऱ्याबाहेर साठलेला. तो येईल तेव्हा घरात कोण असेल? नणंदबाई आपल्या घरी जातील. तुम्ही तर नसणारच. मी एकटीनं त्याचं काय करायचं? कोणावर काढायचा? भांडी फोडली तर आवाज ऐकायला तरी कोणी हवं ना. काही तजवीज केली आहे का तुम्ही? इतके मोठे लेखनिक, गावाच्या पावांची काळजी वाहिलीत, याचा विचार केला होता का लिहिताना?

मुख्य शुक्रवारी येणार. परक्या माणसानं माझ्या दारामागे फडकं फिरवलेलं मला चालणार नाही. पुसायचं तर मीच पुसेन. पण तुम्ही सांगितल्याशिवाय नाही. नजरेनं सांगितलेलं चालणार नाही, पाणी मागताय की काय ते मला कळत नाही. मान हलवलीत तरी नको, मान तर अशीही हलते. तोंडानं सांगा. एकच शब्द. सरकार म्हणायची गरज नाही.

परवापर्यंत वेळ आहे. गुरुवारी, दिवे लागायच्या आत. मला उत्तर पाहिजे.